हप्ता उतरल्याचे वडे

गावातल्या अकरा बायका दर महिन्याच्या दहा तारखेला माझ्या पडवीत येऊन बसतात आणि आपल्या कष्टाचे पैसे माझ्या हातात देतात. मी आमच्या बचत गटाची खजिनदार. इतक्या वर्षांत गटाच्या वहीत एका रुपयाची खाडाखोड नाही, आणि हे मी दर दहा तारखेला एकदा तरी बोलून दाखवते. बायका निमूट ऐकून घेतात. चहा माझा असतो.

माझे मिस्टर हायस्कूलला गणित शिकवतात. शाळा कसालपासून आत, तीनेक किलोमीटरवर. आजूबाजूच्या वाड्यांत कुणाला जमिनीच्या वाटण्या करायच्या असल्या, विहिरीत पाणी किती ते काढायचं असलं, की माणूस आमच्या अंगणात येतो आणि हे पेन्सिल कानावर ठेवून बाहेर येतात. सगळे त्यांना सर म्हणतात. मीही पाठीमागे सरच म्हणते, समोर अहो. तर ज्या घरात एक खजिनदार आणि एक गणिताचा मास्तर, त्या घराने स्वतःच्या कर्जाचं काय करून ठेवलं ते आता सांगायला हरकत नाही. मधली काही वर्षं ते माझं मलाच कळलं नव्हतं.

घर बांधलं तेव्हा हे अडतीस वर्षांचे होते. चिऱ्याचं घर, पुढे पडवी, मागे मोठं न्हाणीघर, आणि माझ्या हट्टापायी स्वयंपाकघराला दोन खिडक्या. कर्ज अठरा लाख, व्याज नऊ टक्के, मुदत वीस वर्षं, हप्ता साधारण सोळा हजार दोनशे. वीस वर्षं ह्यांनी मुद्दाम धरली. अठ्ठावन्नाव्या वर्षी निवृत्ती, म्हणजे पगाराचा शेवटचा महिना तोच हप्त्याचा शेवटचा महिना. त्यांच्या शाळेला अनुदान उशिरा मिळालं, त्यामुळे जुनी पेन्शन त्यांच्या नशिबात नाही. पगार थांबला की हप्ता भरायला घरात काही येणार नाही. कर्जातली एवढी एकच गोष्ट त्यांनी मला समोर बसवून नीट समजावली होती. अठ्ठावन्न म्हणजे अठ्ठावन्न, त्यानंतर एक महिनासुद्धा नाही.

बाकीचं मी विचारलं नाही. गटाच्या वहीतली ओळन् ओळ वाचणारी मी, घराच्या कर्जाचं पासबुक मात्र कपाटात ह्यांच्या कप्प्यात असायचं आणि त्या कप्प्याला मी हात लावत नसे. ते त्यांचं खातं, हे माझं. गावात कुणी विचारलं, ‘सरानू, घराक किती लागले?’ की हे सांगायचे, ‘अठरा.’ आणि मीही मान डोलवायची. जणू अठरा लाख आम्ही पिशवीत घेऊन गेलो आणि घर घेऊन आलो.

सात वर्षं हप्ते बिनबोभाट गेले. आठव्या वर्षी मुलीला कोल्हापूरला फार्मसीला प्रवेश मिळाला. फी कशीबशी जमली, पण हॉस्टेल आणि मेस दर महिन्याला ठरलेली. घरात येणारा रुपया आधीच वाटला गेलेला. माझ्या नावावर धामापूरला, म्हणजे माझ्या माहेरी, सव्वीस हापूसची कलमं आहेत. वडलांनी जाण्याआधी लिहून दिलेली. एका हॉटेलवाल्याचा त्या जागेवर डोळा होता. मी ह्यांना म्हटलं, विकून टाकते, सुटू एकदाचे.

हे भाकरी मोडत होते. म्हणाले, ‘थांब गो म्हयनोभर. बँकेत बघतंय काय ता.’

आठवड्याने त्यांनी कागदांचा गठ्ठा आणला. हप्ता कमी करून मिळावा असा अर्ज. कर्जात माझंही नाव असल्यामुळे माझ्या सह्या लागणार होत्या. जिथे जिथे सही हवी तिथे ह्यांनी पेन्सिलीने बारीक फुली मारून ठेवलेली. मी गॅसवर आमटी ठेवली होती. उभ्या उभ्या अकरा फुल्यांवर अकरा सह्या केल्या आणि आमटी उतू जायच्या आत परत गेले.

मग मी माझ्या परीने जे करायचं ते केलं. गावच्या देवीसमोर जाऊन नवस बोलले. हप्ता उतरला तर देवीला नारळ, राखणदार देवाला कोंबडा, आणि वाडीला वडे. बँकेचा साहेब आपल्या नियमाप्रमाणे चालतो, त्याला देवीने काय सांगायचं, असा प्रश्न तेव्हा मला पडला नाही. आमच्याकडे तो फारसा कुणाला पडत नाही.

दीड महिन्याने बँकेचं पत्र आलं. हप्ता सोळा हजार दोनशेवरून साधारण तेरा हजार चारशेवर. अठ्ठावीसशे रुपये कमी, आणि मुलीची मेस होती जवळजवळ तेवढीच. मला तर रडूच आलं. कलमं वाचली, मुलगी शिकणार, अजून काय पाहिजे.

नवस फेडायचा तो रीतसरच. मानकऱ्यांना बोलावलं. ते देवळात देवीसमोर नारळ धरून उभे राहिले, मागे वाडीतले पुरुष, बाजूला आम्ही बायका. मानकरी म्हणजे गाऱ्हाणं, देवापुढचं मागणं, घालण्यात तयार माणूस. कर्जाची भाषा त्यांनी अशी काही देवाच्या भाषेत बसवली की मी आजही विसरले नाही.

‘बा देवी म्हाराजा, आज ह्या तुज्या लेकरान तुज्या पायाकडे नारळ ठेयलेलो आसा, तो मानान घे. बँकेच्या हप्त्याचा जा काय वजा तेच्या डोक्यार होता, ता तू हलक्या केलंस. असोच तेचो हप्तो दिवसान दिवस कमी कर रे म्हाराजा.’

‘होय म्हाराजा,’ सगळे एका आवाजात म्हणाले. हेही म्हणाले. हात जोडून, खाली बघत.

घरी बेचाळीस पानं उठली. कोंबडीच्या रश्शात मी त्या दिवशी हात आखडता घेतला नाही, आणि वडे तर असे फुगले होते की शेजारच्या वाडीतून चौकशी आली. जो तो ह्यांची पाठ थोपटत होता. सरांनी बँकेलाही नमवलं म्हणे. हे आपले पाणी वाढत फिरत होते. मी म्हटलं, तुम्ही बसा की पानावर. तर म्हणाले, भूक नाही. एवढा रस्सा केला आणि ह्यांना भूक नाही, म्हणून मी दोन दिवस फुरंगटून होते.

याला तीन वर्षं झाली. एका दहा तारखेला गटातली एक पोरसवदा सून कर्ज मागायला पुढे झाली. तिला घरघंटी घ्यायची होती, वीस हजार हवे होते. आमच्या गटात व्याज महिन्याला शेकडा एक, तेही उरलेल्या रकमेवर, आणि मुद्दल महिन्याला हजार रुपयांनी फेडायचं असा रिवाज. तिने अडखळत विचारलं, ‘काकी, पाचशे-पाचशेन दिला तर चलात? हप्तो हलको पडतलो.’

माझ्यातली खजिनदार जागी झाली. मी वही मांडीवर घेतली आणि सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात शिकवणी सुरू केली. म्हटलं, बाई, हजाराने फेडलंस तर वीस महिन्यांत सुटशील आणि एकूण व्याज होईल एकवीसशे. पाचशेने फेडलंस तर चाळीस महिने लागतील आणि व्याज होईल एकेचाळीसशे. हप्ता अर्धा, व्याज जवळजवळ दुप्पट. पैसे तुझ्याकडे जेवढे जास्त दिवस राहतील तेवढे दिवस ते तुझं खातात. हप्ता हलका झाला म्हणून जो हसतो त्याला हिशेब कळत नाही. हे शेवटचं वाक्य मी जरा जोरात म्हटलं, कारण मला ते आवडलं होतं.

ती पोरगी बिचारी खरंच विचारत होती, टोमणा मारावा असा तिचा स्वभाव नाही. म्हणाली, ‘मगे काकी, तुमच्या घराचो हप्तो कमी झालो तेव्हा तुमी आमका वडे कित्याक घातलात?’

बायकांच्या माना माझ्याकडे वळल्या. मग कोपऱ्यातली एक खुसुखुसू हसायला लागली, तिचं बघून दुसरी. मी म्हटलं, बँकेचं वेगळं असतं. चहा आणते म्हणून आत गेले आणि गॅस न पेटवताच बराच वेळ ओट्यापाशी उभी राहिले.

दुसऱ्या दिवशी ह्यांच्या कप्प्यातलं पासबुक काढलं आणि कुणाला न सांगता बँकेत गेले. तिथला साहेब तरुण, कुठला तरी घाटावरचा, पण बोलायला मऊ. मी पदर खोचून शुद्ध मराठीत विचारलं, ‘आमच्या गृहकर्जाचा पहिल्यापासूनचा उतारा मिळेल का?’ त्याने छापून दिला. मी तिथेच बाकावर बसून वाचायला घेतला.

पहिल्या ओळीलाच अडखळले. पहिला हप्ता सोळा हजार दोनशे. त्यातले साडेतेरा हजार व्याजाला आणि सत्तावीसशे मुद्दलाला. मला वाटलं छापताना चुकलं. दुसरी ओळही तशीच, तिसरीही. मी काउंटरवर जाऊन विचारलं. साहेब म्हणाला, ‘मॅडम, अठरा लाखांवर महिन्याचं व्याजच तेवढं होतं. ते आधी जातं, उरेल ते मुद्दलात. सुरुवातीला असंच दिसतं.’ यात त्याचं काही चुकत नव्हतं. माझ्या गटातही हेच होतं, फक्त तिथे वीस हजार असतात आणि वीस महिने असतात, म्हणून कुणाच्या डोळ्यांवर येत नाही.

सात वर्षांत आम्ही साडेतेरा लाखांच्या वर भरले होते आणि अठरा लाखांतले फिटले होते तीन लाख चौदा हजार. माझ्या दोन खिडक्यांचं स्वयंपाकघर कदाचित आमचं झालं असेल, तेही न्हाणीघराशिवाय. आणि त्याच्या खालीच ती ओळ होती, ज्यासाठी मी कोंबडा कापला होता. हप्ता कमी. त्याच ओळीत पुढच्या रकान्यात, मुदत पुन्हा वीस वर्षं. राहिलेली तेरा वर्षं होती, ती वीस झाली होती.

मी बोटांवर मोजलं. पंचेचाळीस अधिक वीस. पासष्ट.

साहेबाला म्हटलं, ‘हप्ता कमी केला नसता तर एकूण किती गेले असते, आणि आता किती जाणार?’ त्याने यंत्रावर आकडे मारले आणि कागदावर लिहून दिले. फरक सहा लाख त्र्याऐंशी हजार. वर तो भला माणूस म्हणाला, ‘मध्ये जास्तीचे पैसे भरता येतात, मॅडम. दंड नाही.’ मी मान हलवली. एक पान वडे सोळा हजारांना पडले, एवढाच हिशेब त्या क्षणी माझ्या डोक्यात होत होता.

येताना एसटीत माझ्या अंगाचा तिळपापड होत होता, पण खरं सांगायचं तर आत कुठेतरी मी खूशही होते. गणिताच्या मास्तरला गणितात पकडायची संधी बायकोला आयुष्यात एकदाच मिळते. वाटेतलं कट्टा गाव येईपर्यंत मी बोलायची वाक्यं तयार केली. घरी पोचले तर हे पडवीत आठवीच्या वह्या तपासत बसलेले. मी चप्पलही न काढता उतारा त्यांच्यासमोर ठेवला आणि म्हटलं, ‘सरानू, ह्या गणितात तुमका किती मार्क देव?’

त्यांनी चष्मा वर केला, कागद बघितला, खाली ठेवला. म्हणाले, ‘माका ठावक होता गो.’

‘काय ठावक होता?’

‘सहा लाख त्र्याऐंशी.’

ते उठून आत गेले आणि कपाटातल्या त्याच कप्प्यातून, पासबुकाच्या खालून, वहीचं एक दुमडलेलं पान घेऊन आले. ह्यांचं अक्षर फळ्यावर असतं तसंच कागदावर, समासासकट. वर तारीख, मी फुल्यांवर सह्या केल्या त्याच्या आदल्या दिवसाची. जुना हप्ता गुणिले महिने, नवा हप्ता गुणिले महिने, वजाबाकी. साहेबाच्या यंत्राने काढलं तेच उत्तर, रुपयांपर्यंत. त्याच्या खाली एक रेघ, आणि रेघेखाली दुसरं गणित. कसालच्या हार्डवेअर दुकानात हिशेब लिहिणे, आठ हजार गुणिले चौऱ्याऐंशी महिने, बरोबर सहा लाख बहात्तर हजार. त्याच्याखाली कंसात, कमी पडतात अकरा हजार. आणि त्याच्यापुढे, शिकवणी.

मी विचारलं, ‘ह्या दुकान खंयचा?’

‘थयलो मालक माजो विद्यार्थी. तेका सांगान ठेयलंय. अठ्ठावन झाले काय दुसऱ्या दिवसापासून जातलंय. पोरग्येचा शिक्षण झाला काय म्हयन्याचे अठ्ठावीसशे बाजूक टाकतलंय, उरलेलो हप्तो तेतूनच भागतलो. सात वर्सांचो तर प्रश्न.’

‘आणि माका सांगलास नाय.’

‘सांगलंय असतंय तर तू कलमां इकलंस असतंस.’

तयार करून आणलेली सगळी वाक्यं फुकट गेली. मला राग आला होता, तो काही गेला नाही. उलट वाढला. मी म्हटलं, माझ्या बापाची कलमं, ती ठेवायची की विकायची ते मी ठरवणार, तुम्ही कोण माझ्या वतीने सात वर्षं देणारे? आणि देवळात हात जोडून ‘होय म्हाराजा’ म्हणताना लाज नाही वाटली? हे हसले. म्हणाले, ‘वाटली म्हणान तर जेवाक बसाक नाय.’

त्यावर मी रडले. रागाने रडले असं मी त्यांना सांगितलं, पण ते खरं नव्हतं. मला त्यांची दया आली होती आणि माझी स्वतःचीही. पासष्ट वर्षांचा हा माणूस हार्डवेअरच्या दुकानात खिळ्यांचे आणि पाइपांचे हिशेब लिहीत बसलेला मला दिसत होता, ज्या वयात तो धामापूरच्या तळ्याकाठी नुसता बसला असता तरी मी काही बोलले नसते. तीन वर्षं हा हिशेब एकट्याने घेऊन तो माझ्या शेजारी झोपत होता, आणि मी त्याला घराचं काही कळत नाही म्हणून टोचत होते.

दोन दिवस आम्ही एकमेकांशी कामापुरतं बोललो. तिसऱ्या दिवशी मी माझी फाइल काढली. कलमांचे आंबे दरवर्षी मी झाडावरच व्यापाऱ्याला देते. गेल्या तीन हंगामांचे पैसे मी त्याच बँकेत मुदत ठेवीत टाकले होते, घराभोवती चिऱ्याचा गडगा घालायचा म्हणून. व्याजासकट एक लाख दहा हजार झाले होते. ठेवीवर मला बँक साडेसहा टक्के देत होती आणि त्याच बँकेला आम्ही कर्जावर नऊ देत होतो. म्हणजे डाव्या हाताने आम्ही तिच्याकडून साडेसहा घेत होतो आणि उजव्याने नऊ परत करत होतो, आणि मी गटात बायकांना बचतीवर भाषणं देत होते. गटातल्या त्या पोरीला हे अजून सांगितलेलं नाही. तिची घरघंटी मात्र हजाराच्या हप्त्याने घ्यायला लावली.

सोमवारी ह्यांना रजा टाकायला लावली आणि दोघं बँकेत गेलो. हे वाटभर म्हणत होते, गडगा राहू दे ना, गुरं आत येतात, तुझी फुलझाडं खातात. मी म्हटलं, खाऊ देत.

साहेबाने ठेव मोडली आणि रक्कम कर्जात घेतली. मग पडद्यावर बघत त्याने नियमाचा प्रश्न विचारला, ‘यामुळे हप्ता कमी करून देऊ, की हप्ता तोच ठेवून मुदत कमी करू? हप्ता कमी केलात तर महिन्याला बरं पडेल.’

हे माझ्याकडे बघायला लागले. बँकेत मी नेहमी नीट, पुस्तकी मराठी बोलते. त्या दिवशी ते जमलं नाही.

‘हप्तो आसा तसो ऱ्हवांदे, सायबानू,’ मी म्हटलं. ‘माका ह्येंची वर्सां परत व्हयी.’

त्याला बोली कितपत कळली कुणास ठाऊक, पण अर्थ कळला. त्याने कळा दाबल्या आणि पडदा आमच्याकडे वळवला. एक लाख दहा हजारांनी तेहतीस हप्ते गेले होते. पावणेतीन वर्षं. वाढलेल्या सातांतली अजून सव्वाचार राहिली आहेत आणि आंब्याचे हंगाम लागतील, ते मला माहीत होतं. पण पासष्टमधली पावणेतीन वर्षं समोर पडद्यावर कमी झालेली मी बघितली.

मग सह्यांचा कागद आला. या वेळी फुल्या नव्हत्या. मी सगळा वाचला आणि मग सही केली. कागद ह्यांच्याकडे सरकवला. त्यांनी सही केली, साहेबाने ती जुन्या कागदाशी ताडून बघितली आणि म्हणाला, ‘सर, जुळत नाही, पुन्हा करा.’ त्यांनी पुन्हा केली. तीही जुळेना, तिसरीही. बावीस वर्षं पोरांच्या निकालपत्रकांवर एकसारखी सही करणारा माणूस पेन हातात धरून नुसता कागदाकडे बघत बसला होता. साहेब म्हणाला, काही घाई नाही. मी ह्यांच्या खुर्चीच्या पाठीवर हात ठेवून उभी राहिले, आणि चौथ्या वेळी ती जुळली.